पुढील आदेशापर्यंत

सरकारी मराठीतला सगळ्यात लांब कालावधी कोणता, असं कोणी विचारलं तर मी 'पुढील आदेशापर्यंत' असं उत्तर देईन. दोन साधे शब्द आहेत, वाचताना काहीच खुपत नाही. पण सरकारी नोकरीत असलेल्या कोणालाही विचारा, या दोन शब्दांनी किती घरांची घडी विस्कटली आहे ते सांगतील.

आदेश एका पानाचा असतो. वर जावक क्रमांक आणि दिनांक, त्याखाली संदर्भ, आणि मग एकच लांबलचक वाक्य : कामाची निकड लक्षात घेता श्री. अमुक, कनिष्ठ लिपिक, नांदेड, यांना तात्पुरत्या स्वरूपात, पुढील आदेशापर्यंत, लातूर येथे कामगिरीवर पाठविण्यात येत आहे, तरी त्यांनी तात्काळ रुजू व्हावे. खाली सही, शिक्का आणि 'प्रत माहितीस्तव'. संपलं. निकड कसली, किती दिवसांची, आणि नेमका हाच माणूस का, यातल्या एकाही प्रश्नाचं उत्तर त्या पानावर नसतं.

आपल्या आयटीवाल्यांना हा प्रकार अगदीच अनोळखी नाही. "त्या टीमला जरा दोन आठवडे हात दे" असं सांगून मॅनेजर आपल्याला जिथे नेऊन बसवतो, तिथून दीड वर्षानंतरही सुटका झालेली नसते. फरक इतकाच, की आपण वैतागून नोकरी बदलतो. पंचेचाळिशीतला, दोन मुलं शाळेत असलेला, नांदेडला घराचे हप्ते भरणारा सरकारी कर्मचारी नोकरी बदलू शकत नाही. त्याच्यापुढे दोनच रस्ते असतात. मुकाट्याने एसटी पकडायची, किंवा कोर्टात जायचं. या वीकएंडला त्या दुसऱ्या रस्त्याबद्दल लिहायचं आहे, कारण तो रस्ता बांधायला ऐंशीएक वर्षं लागली आणि त्यातला बराच भाग मराठवाड्याच्या वाट्याला फार उशिरा आला.

नांदेड आणि लातूरच का? दोन शहरांत एसटीने तीन-साडेतीन तासांचं अंतर आहे. रोज येऊन-जाऊन करायला फार जास्त, आणि बिऱ्हाड हलवायला ('तात्पुरतं'च आहे ना!) फार कमी. शिवाय सरकारी रचनेत हे दोन जिल्हे एकमेकांत अडकलेले आहेत. आरोग्य खात्याच्या लातूर परिमंडळात नांदेड जिल्हा येतो, म्हणजे उपसंचालकांचं कार्यालय लातूरला. दहावी-बारावीच्या परीक्षांचं विभागीय मंडळही लातूरला, त्यातही नांदेड आहेच. महसूल आयुक्तालय नांदेडला की लातूरला हा वाद तर २००९ पासून सगळ्या मराठवाड्याला तोंडपाठ आहे. थोडक्यात, नांदेडचा माणूस लातूरच्या साहेबाच्या सहीने इकडून तिकडे जाऊ शकतो, आणि साहेबाला माणूस कमी पडला की नजर शेजारच्या जिल्ह्याकडे वळते.

आता त्या एका पानाच्या आदेशाने कागदावर काय होतं ते बघा. ही 'बदली' नाही, म्हणून बदलीचे भत्ते लागू होत नाहीत. पगार नांदेडच्या पदावरूनच निघतो, काम मात्र लातूरला. नांदेडचं पद कागदावर भरलेलं दिसतं, त्यामुळे तिथे दुसरा माणूस मागायची सोय नाही. म्हणजे एका आदेशाने दोन गोष्टी घडतात : एका माणसाचं घर दोन गावांत विभागलं जातं, आणि नांदेडच्या कार्यालयात एक खुर्ची अशी तयार होते जी भरलेलीही आहे आणि रिकामीही. (बायनरीत वाढलेल्या आपल्यासारख्यांना ही तिसरी अवस्था पचायला जड जाते. असो.)

मग तो कर्मचारी "का?" असं विचारू शकतो का? खूप वर्षं याचं उत्तर होतं, नाही.

याचं मूळ १ जानेवारी १९२२ पासून लागू झालेल्या 'मूलभूत नियमां'मध्ये आहे. त्यातला अकरावा नियम सांगतो, की वेगळं काही स्पष्टपणे ठरलेलं नसेल तर सरकारी नोकराचा पूर्ण वेळ त्याला पगार देणाऱ्या सरकारच्या स्वाधीन असतो, आणि योग्य अधिकारी त्याला हव्या त्या कामाला लावू शकतो, त्यासाठी जास्तीचा मोबदला मागता येत नाही. ब्रिटिश राज्य चालवायला हे सोयीचं होतं, स्वतंत्र भारतालाही सोयीचं वाटलं. आपल्या ऑफर लेटरमध्ये "कंपनीच्या कोणत्याही शाखेत, कोणत्याही कामावर" असं जे कलम असतं (जे आपण न वाचता सही करतो), त्याचे हे पणजोबा समजा.

यात एक छोटी पळवाट मात्र कर्मचाऱ्याच्या बाजूची होती. त्याच नियमावलीतला नियम ११० म्हणतो, की सरकारी नोकराला त्याच्या मर्जीविरुद्ध 'स्वीयेतर सेवे'त, म्हणजे सरकारबाहेरच्या मालकाकडे, पाठवता येणार नाही. पुढे त्याला अपवादही आला : सरकारच्या मालकीच्या किंवा नियंत्रणाखालच्या संस्था यातून वगळल्या. पण तत्त्व टिकलं. १९८९ मध्ये जवाहरलाल नेहरू विद्यापीठाच्या इम्फाळ केंद्रातल्या प्राध्यापक जावतकर यांच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने ते पुन्हा सांगितलं. ते केंद्र मणिपूर विद्यापीठाकडे गेलं म्हणून माणूसही आपोआप तिकडे गेला असं होत नाही. मालक बदलायचा तर नोकराची संमती लागते. म्हणजे मालक बदलत असेल तर विचारावं लागतं. पण मालक तोच, फक्त गाव आणि खुर्ची वेगळी असेल तर? तिथे अकरावा नियम उभा होताच.

मराठवाड्यात तर एकदा मालकच बदलला होता, तोही एका रात्रीत. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली आणि नांदेड, तसंच त्या वेळचा उस्मानाबाद जिल्हा (लातूर तेव्हा त्यातच होतं, वेगळा लातूर जिल्हा १६ ऑगस्ट १९८२ ला झाला) हैदराबाद राज्यातून द्विभाषिक मुंबई राज्यात आला. कर्मचारीही आले. राज्यपुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ प्रमाणे आधी त्यांचं वाटप तात्पुरतं झालं आणि अंतिम निर्णय केंद्र सरकारने घ्यायचा होता. त्याच कलमात एक संरक्षणही होतं, की केंद्राच्या पूर्वमंजुरीशिवाय त्यांच्या सेवाशर्ती त्यांना तोटा होईल अशा बदलता येणार नाहीत. कागदावर उत्तम. पण हे संरक्षण मागायचं कुठे? हैदराबादचं हायकोर्ट सुटलं, आता मुंबईला जायचं. नांदेडहून मुंबई सुमारे ६०० किलोमीटर. नांदेडची रेल्वे मीटर गेजची, म्हणजे मनमाडला गाडी बदलायची. लातूरला तर बार्शी लाईटची नॅरो गेज. एका पानाच्या आदेशाविरुद्ध वकील, मुक्काम आणि तारखा यांचा खर्च कोणता लिपिक करणार? हक्क असणं आणि तो वापरता येणं यातलं अंतर किलोमीटरमध्ये मोजता येतं, ते असं.

त्याच काळात खूप दूर, मद्रासला, एका मोठ्या साहेबाने हाच प्रश्न विचारला. ई. पी. रोयप्पा हे तमिळनाडूचे मुख्य सचिव. एप्रिल १९७१ मध्ये त्यांना त्या खुर्चीवरून उचलून राज्य नियोजन आयोगाच्या उपाध्यक्षपदी नेमलं. हे पद त्यांच्यासाठी तात्पुरतं, एका वर्षासाठी निर्माण केलेलं होतं. ते रजेवर गेले. पुढच्या वर्षी त्यांना विक्रीकर व्यवस्थेच्या सुधारणेसाठी विशेष कार्य अधिकारी नेमलं. तिथेही ते रुजू झाले नाहीत, थेट सुप्रीम कोर्टात गेले. मुख्यमंत्री एम. करुणानिधी यांची नाराजी ओढवल्यामुळे आपल्याला बाजूला काढलं, असा त्यांचा आरोप होता.

२३ नोव्हेंबर १९७३ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्यांची याचिका फेटाळली. कोर्टाचं म्हणणं, दुष्ट हेतू सिद्ध करायचं ओझं आरोप करणाऱ्यावर असतं आणि ते फार जड असतं; संशय म्हणजे पुरावा नव्हे. रोयप्पा हरले. पण न्या. भगवती यांनी स्वतः, न्या. यशवंत चंद्रचूड आणि न्या. कृष्ण अय्यर यांच्या वतीने जे लिहिलं, त्याने भारतीय कायद्याची दिशा बदलली. समानता आणि मनमानी या एकमेकींच्या वैरिणी आहेत. राज्याची कृती मनमानी असेल तर ती समानतेच्या हक्काचाच, म्हणजे घटनेच्या कलम १४ चा भंग आहे, असा त्याचा आशय. तोवर कलम १४ खाली भांडायचं तर "त्याला एक न्याय आणि मला दुसरा" असं दाखवावं लागत असे. आता "माझ्याशी वागताना काही कारणच नव्हतं" एवढं म्हणूनही उभं राहता येऊ लागलं. आज जमिनीपासून परवान्यांपर्यंत हजारो निकालांत हे तत्त्व वापरलं जातं. त्याचा जन्म एका सरकारी नोकराच्या 'तात्पुरत्या' नेमणुकीच्या भांडणात झाला, हे मात्र फार कमी लोकांना माहीत असतं.

तत्त्व आलं. मराठवाड्यासाठी दरवाजा यायला अजून आठ वर्षं होती. २७ ऑगस्ट १९८१ ला मुंबई हायकोर्टाचं कामकाज औरंगाबादला (आताचं छत्रपती संभाजीनगर) सुरू झालं. हे कसं झालं ते या लेखाच्या विषयाला फार शोभणारं आहे. कायमचं खंडपीठ स्थापायचा अधिकार राष्ट्रपतींचा. पण त्याच १९५६ च्या पुनर्रचना कायद्यात कलम ५१ चं तिसरं पोटकलम होतं, ज्यानुसार मुख्य न्यायमूर्ती राज्यपालांच्या संमतीने इतर ठिकाणीही न्यायाधीश बसवू शकतात. मुख्य न्यायमूर्ती व्ही. एस. देशपांडे यांनी तो मार्ग वापरला. त्याला आव्हान दिलं गेलं, डिसेंबर १९८१ मध्ये मुंबई हायकोर्टानेच तो आदेश रद्द केला, आणि १९८२ मध्ये सुप्रीम कोर्टाने नारायण शामराव पुराणिक खटल्यात तो पुन्हा वैध ठरवला. राष्ट्रपतींच्या आदेशाने खंडपीठ कायम झालं ते १९८४ मध्ये. म्हणजे तात्पुरत्या कामगिरीविरुद्ध दाद मागायचं मराठवाड्याचं कोर्टसुद्धा तीन वर्षं एका अर्थी 'कामगिरीवर'च होतं! फक्त इथे तात्पुरत्याचं कायम झालं याचा लोकांना आनंद झाला.

दरवाजा जवळ आला आणि नेमक्या त्याच दशकाच्या शेवटी आतली माणसं कडक झाली. १९८९ मध्ये गुजरात विद्युत मंडळाच्या एका खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितलं, बदलीचा आदेश आला की आधी रुजू व्हा, अडचण असेल तर अर्ज करा. अर्ज केलाय म्हणून घरी बसता येणार नाही. तो कर्मचारी सुरतहून उकाईला गेला नव्हता, त्याची नोकरी गेली ती गेलीच. १९९१ चा शिल्पी बोस खटला बिहारमधल्या प्राथमिक शिक्षिकांचा. काही शिक्षिकांची त्यांच्या विनंतीवरून बदली झाली, त्यामुळे ज्यांना हलावं लागलं ते कोर्टात गेले, हायकोर्टात जिंकले आणि सुप्रीम कोर्टात हरले. कोर्टाने नियम घालून दिला : बदली सार्वजनिक हितासाठी असेल तर न्यायालयाने पडू नये, अपवाद दोनच. एक, बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग. दोन, दुष्ट हेतू. १९९३ चा एस. एल. अब्बास खटला त्याच्याही पुढचा. शिलाँगला वनस्पती सर्वेक्षण खात्यात काम करणाऱ्या या माणसाची बदली उत्तर प्रदेशच्या डोंगरातल्या पौडीला झाली. बायकोची नोकरी शिलाँगला, मुलांच्या शाळा तिथेच, स्वतःची पाठदुखी. पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं अशी सरकारची मार्गदर्शक सूचनाही होती. कोर्ट म्हणालं, सूचना पाळायचा प्रयत्न सरकारने जरूर करावा, पण तिच्यातून कोर्टात बजावता येईल असा हक्क जन्मत नाही.

इथे जरा थांबून विचार करा. दुष्ट हेतू सिद्ध करणं तर रोयप्पांना, एका मुख्य सचिवाला, जमलं नाही; नांदेडच्या लिपिकाला कसं जमणार? म्हणजे व्यवहारात एकच फट उरली : 'बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग'. आणि महाराष्ट्रात बदल्यांबद्दल तेव्हा असा कायदाच नव्हता. होती ती सगळी परिपत्रकं आणि शासन निर्णय, म्हणजे कोर्टाच्या भाषेत 'सूचना'. सूचना मोडली तरी सरकारला काही होत नाही हे अब्बास खटल्याने सांगून टाकलेलं.

याच सुमाराला दाद मागायची जागाही बदलली. ८ जुलै १९९१ ला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झालं, ज्याला सगळे 'मॅट' म्हणतात. मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद अशी त्याची पीठं. राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याने सेवेच्या प्रकरणात आधी इथे यायचं. सुरुवातीला यानंतर हायकोर्टाचा रस्ताच बंद केलेला होता, थेट सुप्रीम कोर्ट. १९९७ मध्ये एल. चंद्रकुमार खटल्यात सुप्रीम कोर्टाने तो बांध फोडला. मॅटच्या निकालाविरुद्ध हायकोर्टाच्या द्विसदस्य पीठाकडे जाता येऊ लागलं. नांदेडच्या माणसासाठी याचा अर्थ साधा होता : दोन्ही पायऱ्या आता औरंगाबादलाच. (जिल्हा परिषदेच्या शिक्षकांचं वेगळं. ते मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांना हायकोर्टाचं दार ठोठवावं लागतं.)

आणि मग आला बदल्यांचा कायदा. अण्णा हजारे यांच्या माहिती अधिकाराच्या आंदोलनाबरोबर ही मागणीही होती. २००३ मध्ये आधी अध्यादेश निघाला, आणि २००५ चा कायदा १ जुलै २००६ पासून लागू झाला. नाव लांबलचक आहे, बदल्यांचं विनियमन आणि शासकीय कामातल्या विलंबाला प्रतिबंध अशी दोन्ही कामं एकाच कायद्यात. तरतुदी मात्र सुटसुटीत. एका पदावर साधारण कार्यकाळ तीन वर्षं. बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात. मुदतीआधी किंवा अवेळी बदली करायचीच असेल तर विशेष कारण लेखी नोंदवायचं आणि वरच्या सक्षम अधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यायची.

यात क्रांतिकारक असं काय आहे? कायदा बदली थांबवत नाही. तो फक्त म्हणतो, कारण लिही आणि कोणाला विचारलंस ते दाखव. पण शिल्पी बोस खटल्यातली ती एकुलती एक फट आठवा. आता कारण न लिहिता केलेली बदली ही नुसती परिपत्रकाची पायमल्ली राहिली नाही, वैधानिक नियमाचा भंग झाली. दुष्ट हेतू सिद्ध करायची गरजच उरली नाही. मॅटने सरकारी वकिलांना सांगायचं, मूळ नस्ती दाखवा. नस्तीत कारण असेल तर ठीक. नसेल, किंवा कारणाच्या जागी नुसतं कोणाचं तरी शिफारसपत्र असेल, तर आदेश लंगडा. त्यात ऑक्टोबर २००५ पासून केंद्राचा माहितीचा अधिकारही आला, म्हणजे टिपणीची प्रत कर्मचाऱ्याला कोर्टात जाण्याआधीच मागता येऊ लागली. पुढे २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमणियन निकालात सुप्रीम कोर्टाने नागरी सेवा मंडळं नेमायला सांगितली आणि महाराष्ट्राने २०१४ मध्ये ती नेमली. म्हणजे साहेबाच्या एकट्याच्या सहीभोवती आणखी एक कुंपण.

कुंपण घातलं की माणूस फाटक शोधतो. ते फाटक म्हणजे आपले सुरुवातीचे दोन शब्द. बदली करायची तर कार्यकाळ, एप्रिल-मे, लेखी कारण, पूर्वमान्यता एवढा व्याप. मग बदली करायचीच कशाला? 'तात्पुरती कामगिरी' द्या, 'सेवा वर्ग' करा, 'प्रतिनियुक्ती' म्हणा. बदली नाही, म्हणून बदल्यांचा कायदा लागू नाही. आहे की नाही सोपं?

यावर कर्मचाऱ्याच्या बाजूचं उत्तरही कायद्यातच आहे. त्यात 'बदली' म्हणजे एका पदावरून, कार्यालयातून किंवा विभागातून दुसऱ्या पदावर, कार्यालयात किंवा विभागात नेमणूक. आणि 'पद' म्हणजे ज्या कामावर किंवा कामाच्या जागी माणूस नेमला आहे ती जागा. व्याख्या खुर्चीची आहे, पगाराच्या बिलाची नाही. माझ्या वाचनाप्रमाणे, नांदेडच्या खुर्चीवरचा माणूस लातूरच्या खुर्चीवर अमर्याद काळासाठी बसवला, तर त्या कागदावर 'तात्पुरते' लिहिल्याने ती गोष्ट बदलत नाही. व्हेरिएबलला कोणतंही नाव द्या, आत काय साठवलंय ते महत्त्वाचं. मॅटपुढे अशा प्रकरणातला खरा वाद इथेच असतो : हा आदेश खरोखर तात्पुरता आहे, की बदलीनेच टोपी बदलली आहे?

दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर हा लेख एकतर्फी होईल. माणसं तात्पुरती हलवावीच लागतात. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला, लातूर आणि उस्मानाबाद जिल्ह्यांत सुमारे ८,००० माणसं गेली. अशा वेळी डॉक्टर, अभियंता, तलाठी यांना कार्यकाळाचं कलम दाखवत बसता येईल का? निवडणूक, जनगणना, साथीचे रोग, सगळ्यांना हीच माणसं लागतात. पण गंमत अशी, की जिथे कायदेमंडळाने नीट विचार केला तिथे 'तात्पुरतं' म्हणजे किती हे लिहून ठेवलं आहे. निवडणुकीच्या कामावरचा कर्मचारी लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम २८-अ प्रमाणे निवडणूक आयोगाकडे प्रतिनियुक्तीवर समजला जातो, कधीपर्यंत? निकाल जाहीर होईपर्यंत. शिक्षण हक्क कायद्याचं कलम २७ शिक्षकांना शिक्षणाबाहेरची कामं द्यायला मनाई करतं आणि अपवाद मोजून सांगतं : दशवार्षिक जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणुका. त्याआधी २००७ मध्ये सुप्रीम कोर्टाने सेंट मेरीज स्कूल खटल्यात म्हटलं होतं, की निवडणुकीची कामं शिक्षकांना शक्यतो सुट्टीच्या आणि अध्यापन नसलेल्या दिवशीच द्यावीत. इतकंच काय, प्रशासकीय न्यायाधिकरण समोरच्या बाजूचं न ऐकता तातडीची स्थगिती देतं, तेव्हा ती १४ दिवसांपुरतीच असते, अशी कलम २४ ची तरतूद आहे. न्यायाधिकरणाच्या तात्पुरत्या आदेशालाही मुदत, आणि साहेबाच्या तात्पुरत्या आदेशाला मुदत नाही!

आणि हे फक्त कर्मचाऱ्याच्या सोयीपुरतं नाही. ती भरलेली-रिकामी खुर्ची आठवतेय ना? सरकारी वैद्यकीय महाविद्यालयांची तपासणी आली, की एका महाविद्यालयातले अध्यापक दुसरीकडे तात्पुरते पाठवून संख्या दाखवायची, ही महाराष्ट्रातली जुनी प्रथा. नवी महाविद्यालयं उघडली की हीच ओढाताण वाढते. २०२४ मध्ये हिंगोली आणि जालना धरून दहा नवी सुरू झाली. सप्टेंबर-ऑक्टोबर २०२३ मध्ये नांदेडच्या डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात चोवीस तासांत २४ मृत्यू झाले, त्यात १२ नवजात बाळं होती. मुंबई हायकोर्टाने स्वतःहून दखल घेतली आणि पहिल्याच दिवसांत जे विचारलं त्यात हा प्रश्न होता, की मंजूर पदं किती आणि प्रत्यक्ष भरलेली किती? ज्या व्यवस्थेत पद कागदावर एका गावात आणि माणूस प्रत्यक्षात दुसऱ्या गावात असू शकतो, तिथे या साध्या प्रश्नाचं खरं उत्तर कोणती यादी देणार? रुग्णालयात आलेल्या माणसाला यादीतला डॉक्टर नको असतो, वॉर्डातला हवा असतो.

आता समजा त्या लिपिकाने लढायचं ठरवलं. क्रम साधारण असा : आधी वरिष्ठांकडे लेखी अर्ज, कारण खात्यातले उपाय करून बघितल्याशिवाय न्यायाधिकरण सहसा अर्ज दाखल करून घेत नाही. उत्तराची वाट बघायची ती सहा महिने. नकार आला तर त्यापासून एका वर्षाच्या आत मॅटमध्ये मूळ अर्ज. मधल्या काळात रुजू व्हायचंच, गुजरातचा खटला विसरायचा नाही. आणि साहेबाने एकतर्फी कार्यमुक्त करून टाकलं असेल तर स्थगिती मिळणं आणखी अवघड. याचा खर्च पैशात जितका, त्याहून जास्त वातावरणात. "कोर्टात गेलेला माणूस" हा शिक्का सर्व्हिस बुकात नसतो, पण सगळ्यांना वाचता येतो. जिंकून परत आला तरी त्याच साहेबाच्या हाताखाली काम करायचं असतं. आमच्या नात्यातले एक काका मराठवाड्यातच एका सरकारी कार्यालयात होते, अशाच कामगिरीवर चार वर्षं काढली. कोर्टात का गेला नाहीत, असं मी विचारलं तर म्हणाले, "अरे, निवृत्तीला सहा वर्षं उरली होती. पेन्शनचे कागद कोणाच्या टेबलावरून जातात?"

म्हणूनच जे जातात त्यांच्याबद्दल मला आदर वाटतो. त्यांचा हट्ट वरून क्षुल्लक दिसतो : एका शहरातून दुसऱ्या शहरात का जायचं नाही, यासाठी एवढं रामायण! पण त्यांनी मिळवलेलं सगळ्यांच्या कामी येतं. रोयप्पा हरले आणि मनमानीविरुद्धचं तत्त्व मागे ठेवून गेले. अब्बास हरले आणि सूचना पुरेशा नाहीत, कायदा हवा, हे उघड झालं. त्यानंतर कायदा आला. १९२२ मध्ये "तुझा वेळ आमचा आहे" इथून सुरू झालेली गोष्ट "कारण लिहून द्या" इथपर्यंत पोचली, ती अशा हरलेल्या-जिंकलेल्या माणसांच्या जिवावर.

उरलेलं काम फार मोठं नाही. तात्पुरत्या आदेशावर तीन गोष्टी छापणं सक्तीचं करा : कारण, शेवटची तारीख, आणि मूळ जागेचं काम तोवर कोण बघणार त्याचं नाव. बस्स. खरी निकड असेल तर या तीन ओळी लिहायला पाच मिनिटं लागतात. आणि ज्या आदेशात त्या लिहिता येत नाहीत, तो आदेश कशासाठी निघाला हे समजायला मॅटपर्यंत जायचीही गरज नाही.

तुमच्या घरात कोणी सरकारी नोकरीत असेल, तर त्यांना एकदा 'पुढील आदेशापर्यंत'बद्दल विचारून बघा. चहा मोठा करून ठेवा, गोष्ट लांबेल.